मराठी पानं गूगलवर आहेत, पण शोधणाऱ्याला सापडत नाहीत: दोष कुठे आणि कसा शोधायचा

तक्रार साधारण अशी असते: साइटवर दीडशे-दोनशे मराठी लेख आहेत, माहिती बरोबर आहे, व्हॉट्सॲपवर लिंक टाकली की लोक वाचतात, पण गूगलवरून दिवसाला दहा माणसंही येत नाहीत. मग कुणीतरी एसइओचं, म्हणजे शोधात साइट वर आणण्याचं, प्लगइन बसवून देतो. त्यातला दिवा हिरवा होईपर्यंत लेखात शब्द कोंबले जातात. महिन्याभराने आकडा होता तिथेच, आणि पुन्हा तीच तक्रार.

ती परत परत येते, कारण या एका लक्षणामागे चार वेगळे दोष असू शकतात. गूगलला पान वाचताच आलं नाही. वाचलं, पण इंडेक्समध्ये, म्हणजे शोधासाठी ठेवलेल्या पानांच्या सूचीत, घेतलं नाही. घेतलं, पण लोक जे टाइप करतात त्याला दाखवलं नाही. दाखवलं, पण कुणी त्यावर बोट ठेवलं नाही. प्रत्येकाचा उपाय निराळा. मराठी साइटवर रोग बहुधा तिसरा असतो आणि औषध पहिल्याचं चालू असतं.

पुढे उदाहरण म्हणून शेती आणि महसुलाच्या कागदपत्रांची माहिती देणारी साइट धरली आहे. सातबाऱ्याचं एकच पान घेतलं तरी बहुतेक सगळे दोष त्यात भेटतात.

आधी कोणता दोष ते ठरवा

सर्च कन्सोल या गूगलच्या अवजाराशिवाय हे काम अंधारात चाचपडण्यासारखं आहे. साइटची मालकी सिद्ध करायला डोमेनच्या डीएनएसमध्ये एक टेक्स्ट नोंद टाकावी लागते, एवढंच. मालकी आज सिद्ध केली तर आकडे दिसायला काही दिवस जातात. त्यानंतर १६ महिन्यांपर्यंतचे आकडे मागे जाऊन पाहता येतात.

सर्वात महत्त्वाची पाच पानं निवडा. पूर्ण साइट एकदम तपासायला बसू नका. प्रत्येक पानाचा पत्ता यूआरएल इन्स्पेक्शनच्या पेटीत टाका. ‘पान गूगलवर नाही’ असं उत्तर आलं तर दोष पहिला किंवा दुसरा. पान आहे असं उत्तर आलं तर परफॉर्मन्स अहवालात त्याच पानाची गाळणी लावून मागचे तीन महिने पाहा. इम्प्रेशन्स (पान निकालात किती वेळा दिसलं तो आकडा) नगण्य असतील तर दोष तिसरा. इम्प्रेशन्स हजारात आणि क्लिक दोन-चार असतील तर सरासरी स्थान बघा. स्थान तीस-चाळीस असेल तर दोष अजून तिसराच आहे. पहिल्या दहात असूनही क्लिक नसतील तरच तो चौथा.

साइट ऑपरेटर (शोधपेटीत site: आणि पुढे साइटचा पत्ता) लावून गूगलवर येणारा पानांचा आकडा या कामाला धरू नका. तो अंदाज असतो, आज एक आणि उद्या दुसरा.

पान वाचताच येत नसेल तर

सगळ्यात साधा दोष वर्डप्रेसच्या सेटिंग्जमधल्या रीडिंग पानावर सापडतो. साइट तयार होत असताना ‘सर्च इंजिनांना परावृत्त करा’ या अर्थाच्या चौकटीत खूण केलेली असते आणि साइट सुरू झाल्यावर ती काढायचं राहून जातं. खूण काढा, कॅशे (पानांच्या साठवलेल्या जुन्या प्रती) रिकामी करा, इन्स्पेक्शनमध्ये थेट चाचणी घ्या. इथे एक गफलत नेहमी होते: पानावर नोइंडेक्सही (हे पान निकालात घेऊ नका अशी खूण) लावलेलं असतं आणि रोबोट्स फाइलमध्ये (सर्च इंजिनाने कुठे शिरू नये ते सांगणारी फाइल) त्याच पानाला मज्जावही केलेला असतो. मज्जाव असल्यामुळे गूगल पानाच्या आत येतच नाही, म्हणून नोइंडेक्स त्याला दिसतही नाही. पान खरोखर काढायचं असेल तर मज्जाव उठवा आणि नोइंडेक्स ठेवा. दाखवायचं असेल तर दोन्ही काढा.

दुसरा दोष जुन्या फाँटचा. युनिकोड (अक्षरं साठवायची सामायिक पद्धत) सर्वत्र रुळण्याआधी डीटीपीच्या, म्हणजे छपाईच्या जुळणीच्या, फाँटमध्ये टाइप केलेला मजकूर पडद्यावर मराठी दिसतो, पण फाइलच्या आत तो इंग्रजी अक्षरांचा आणि चिन्हांचा काला असतो. ग्रामपंचायती, सहकारी संस्था, जुनी मासिकं यांच्या साइटवरच्या पीडीएफ फाइलींत हे आजही सर्रास आहे. चाचणी दहा सेकंदांची आहे: पीडीएफमधली एक ओळ कॉपी करा आणि नोटपॅडमध्ये चिकटवा. तिथे मराठी उमटलं तर फाइल युनिकोड आहे. अर्थहीन चिन्हं उमटली तर गूगललाही बहुधा तेच वाचायला मिळतंय. काहीच निवडता येत नसेल तर ती स्कॅन केलेली छायाचित्रं आहेत.

फाँट कन्व्हर्टरने मजकूर युनिकोडमध्ये आणता येतो, पण तसाच चढवू नका. जुन्या फाँटमध्ये ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी टाइप व्हायची आणि रफार नंतर. त्यामुळे रूपांतरात वेलांटी शेजारच्या अक्षरावर जाऊन बसते आणि रफार भलत्या डोक्यावर. ‘कार्यालय’, ‘निर्णय’, ‘शेतकऱ्यांच्या’ असे शब्द शोधून मुद्रितशोधन करा. दहा पानांच्या फाइलीला तास-दीड तास धरा. पीडीएफ ठेवायची तर ठेवा, पण मुख्य मजकूर पानावर अक्षरांत यायला हवा.

चित्रात लिहिलेल्या मजकुराचं तेच. ‘योजनेसाठी लागणारी कागदपत्रे’ अशी रंगीत पाटी तयार करून लेखात टाकणं ही मराठी साइटवाल्यांची फार लाडकी सवय आहे. पाटी व्हॉट्सॲपसाठी ठेवा आणि तीच यादी खाली टाइप करा. चित्राच्या ऑल्ट मजकुरात (चित्र न दिसल्यास त्याजागी येणारी ओळ) सगळी यादी ओतू नका. चित्र कशाचं आहे ते एका ओळीत सांगा.

होस्ट बदलल्यावर सगळ्या अक्षरांची प्रश्नचिन्हं झाली असतील तर डेटाबेस चुकीच्या कॅरॅक्टर सेटमध्ये आयात झालाय. टेबलं यूटीएफ-८-एमबी-४ करून जुन्या बॅकअपमधून पुन्हा आयात करा. प्रश्नचिन्ह म्हणून साठवलं गेलेलं अक्षर कुठल्याही युक्तीने परत येत नाही. बॅकअप नसेल तर पुन्हा टाइप करायला बसायचं.

आणि ‘आणखी वाचा’ बटण. उरलेला मजकूर बटण दाबल्यावर सर्व्हरवरून येत असेल तर गूगल बटण दाबत नाही, त्याला पहिले दोन परिच्छेदच मिळतात. मजकूर आधीच पानात असेल आणि फक्त घडी घातलेली असेल तर अडचण नाही. थेट चाचणीनंतर ‘टेस्टेड पेज’ उघडा आणि लेखातलं शेवटचं वाक्य तिथल्या कोडमध्ये शोधा. सापडलं तर हा मुद्दा सोडा.

वाचलं, पण घेतलं नाही

पेजेस अहवालात ‘क्रॉल्ड, करंटली नॉट इंडेक्स्ड’ असा शेरा असेल तर गूगलने पान पाहिलं आणि ठेवावंसं वाटलं नाही. मराठीत याचं नेहमीचं कारण म्हणजे शासनाचं पत्रक किंवा बातमी जशीच्या तशी चिकटवलेली असणं. तोच मजकूर पन्नास साइटवर असताना एकावन्नावा कशाला ठेवायचा?

दुसरं कारण टॅगांचं. ‘शेती’, ‘शेतकरी’, ‘शेतकरी योजना’, ‘शेतकरी योजना मराठी’ असे चार टॅग, आणि प्रत्येकाच्या पानावर तोच एक लेख. लेख ऐंशी आणि टॅगची पानं चारशे अशा साइट आहेत. टॅग विलीन करा. ज्यांत पाचापेक्षा कमी लेख आहेत त्यांना नोइंडेक्स लावा आणि साइटमॅपमधूनही (गूगलला दिलेल्या पानांच्या यादीतूनही) काढा.

एकाच विषयाची सालवार पिल्लं हाही त्यातलाच प्रकार: सातबारा २०२२, सातबारा २०२३, सातबारा २०२४. तिन्ही एकमेकांचे पाय ओढतात. ज्या पानाला क्लिक जास्त आहेत ते ठेवा, इतरांतलं उपयोगी ते त्यात घ्या आणि उरलेल्या पत्त्यांवरून ३०१ पुनर्निर्देशन (जुना पत्ता कायमचा नव्याकडे वळवणं) लावा. हे पुनर्निर्देशन किमान वर्षभर काढायचं नाही. पत्त्यात साल घालूच नये, म्हणजे पुढच्या वर्षी पुन्हा हे करावं लागत नाही.

दाखवलंच नाही: खरा गुंता शब्दांचा

शोधणारा माणूस आणि लिहिणारा माणूस एकच गोष्ट दोन भाषांत म्हणतात, आणि त्या दोन्ही भाषा मराठीच असतात. लेखात ‘विद्युत देयक’ असतं, माणूस ‘लाईट बिल’ शोधतो. लेखात ‘वय, राष्ट्रीयत्व व अधिवास प्रमाणपत्र’ असतं, माणूस ‘डोमिसाईल’ लिहितो. लेखात ‘लाभार्थ्यांची सूची’, फोनमध्ये ‘यादी’ किंवा सरळ ‘लिस्ट’. गूगल समानार्थी शब्द काही प्रमाणात जोडतं, पण बोलीतला शब्द तुमच्या पानावर एकदाही नसेल तर तो असलेलं दुसरं पान पुढे जाणार.

यातून अधिकृत शब्द काढून टाकायचा असा अर्थ घेऊ नका. कार्यालयात गेल्यावर माणसाला तोच शब्द फॉर्मवर दिसणार आहे. शीर्षकात आणि पहिल्या वाक्यात बोलीतला शब्द, लगेच पुढे अधिकृत नाव: ‘डोमिसाईल, म्हणजे कागदोपत्री वय, राष्ट्रीयत्व व अधिवास प्रमाणपत्र, काढायला…’ इतकं पुरतं.

मग लिपी. मराठी माणूस मराठीच शोधतो, पण पुष्कळदा रोमन अक्षरांत. ‘सातबारा’ हा शब्द देवनागरीत, रोमनमध्ये, ‘सात बारा’ असा तोडून, देवनागरी आकड्यांत ७/१२ असा आणि इंग्रजी आकड्यांत तसाच, अशा निदान पाच रूपांत टाइप होतो. तुमच्याकडे कोणतं रूप किती येतं हे अंदाजाने ठरवू नका. परफॉर्मन्स अहवालात क्वेरीच्या, म्हणजे लोकांनी टाइप केलेल्या शोधांच्या, गाळणीत कस्टम रेजेक्स (अक्षरांचा नमुना देऊन गाळायची सोय) निवडा आणि पेटीत हे लिहा:

[अ-ह०-९]

‘मॅचेस’ ठेवलं की देवनागरीतले शोध दिसतील, ‘डझंट मॅच’ केलं की रोमनमधले. दोन्हींची इम्प्रेशन्स आणि सरासरी स्थान कागदावर शेजारी शेजारी लिहा. देवनागरीत स्थान सहा आणि रोमनमध्ये अठ्ठावीस असं चित्र असेल तर दुरुस्ती कुठे हवी ते कळलं. दोन गोष्टी ध्यानात ठेवा: अहवालाच्या पडद्यावर जास्तीत जास्त १००० ओळी दिसतात, आणि फार थोड्या लोकांनी केलेले शोध गोपनीयतेसाठी लपवलेले असतात. त्यामुळे ओळींची बेरीज वरच्या एकूण आकड्याशी जुळत नाही, आणि ती जुळवायचा प्रयत्नही करू नका.

रोमन शोधांसाठी पानाच्या तळाशी वीस रोमन शब्दांची रांग लावणं हा उपाय नव्हे. गूगलच्या नियमांत ते शब्द कोंबणंच ठरतं, वाचकालाही ते बघवत नाही. पानाचा पत्ता रोमनमध्ये ठेवा, चित्रांच्या फाइलींची नावं रोमनमध्ये द्या, आणि जिथे खरोखर उपयोग आहे तिथे, म्हणजे ‘शोधपेटीत असं टाइप करा’ अशा वाक्यात, रोमन रूप एकदा येऊ द्या. इंग्रजी आकड्यातला सात-बारा शीर्षकात घेतला तर कुणाचं बिघडत नाही, कारण तो लोक तसाच लिहितात.

शीर्षक पूर्ण रोमनमध्ये लिहायची युक्ती मात्र सोडून द्या. जून २०२२ मध्ये गूगलने जाहीर केलं होतं की पानाचं शीर्षक एका लिपीत आणि मजकूर दुसऱ्या लिपीत असेल तर ते मजकुराच्या लिपीशी जुळणारं शीर्षक निवडू शकतं. म्हणजे तुम्ही घासूनपुसून रोमन शीर्षक लिहायचं आणि निकालात तिसरंच काहीतरी दिसायचं.

सामान्यरूप, म्हणजे प्रत्यय लागताना शब्दाचं बदलणारं रूप, हा मराठीचा खास सापळा. शोधणारा मूळ रूप लिहितो: ‘हरभरा घाटेअळी फवारणी’. लेखात मात्र ‘हरभऱ्यावरील घाटेअळीच्या नियंत्रणासाठी फवारण्यांचे वेळापत्रक’. तीनही शब्द प्रत्यय लागून बदलले, ‘हरभरा’ मूळ रूपात कुठेच नाही. व्याकरण अगदी शुद्ध, पण जुळणी कच्ची. तसंच ‘शेळ्यांच्या संगोपनाबाबत’ लिहिणाऱ्याचं पान ‘शेळीपालन’ शोधणाऱ्यापर्यंत सहज पोचत नाही. उपाय वाक्य मोडण्याचा नाही. शीर्षक, एक उपशीर्षक आणि पहिला परिच्छेद या तीन जागी शब्द मूळ रूपात येईल अशी रचना करा: ‘हरभरा: घाटेअळी आणि फवारणी’. बाकी लेखात प्रत्यय लागोत खुशाल.

‘ऑनलाइन’ की ‘ऑनलाईन’, ‘शेळीपालन’ की ‘शेळी पालन’ यावर फार वेळ घालवू नका. अशा जवळच्या रूपांची जुळणी गूगल बरीच करतं. एक लेखन धरा आणि साइटभर तेच ठेवा. दुसरं एखाद्या वाचकाच्या प्रश्नात किंवा उपशीर्षकात आपसूक येऊन गेलं तर येऊ द्या.

डोळ्यांना न दिसणारा फरक जास्त त्रासदायक. ‘दुसऱ्या’ या शब्दातला अर्धा र दोन प्रकारे साठवला जातो: एक, खाली नुक्ता (टिंब) असलेला ऱ आणि हलन्त (पाय मोडल्याची खूण). दोन, साधा र, हलन्त आणि त्यापुढे एक अदृश्य जोडचिन्ह. पडद्यावर दोन्ही सारखे, संगणकाच्या लेखी अक्षरांच्या दोन वेगळ्या माळा. जोडचिन्ह कॉपी-पेस्ट करताना गळलं तर तिसरा प्रकार जन्मतो, रफारवाला ‘दुसर्या’, आणि तो तर उघड अशुद्ध. ‘ॲ’चीही तशीच कथा. यासाठी स्वतंत्र अक्षर युनिकोडमध्ये २००८ साली, ५.१ या आवृत्तीत आलं. त्याआधीचा मजकूर अ आणि अर्धचंद्र असा जोडून लिहिलेला, तर काहींनी हिंदी वळणाचा ‘ऍ’ वापरलेला. त्यामुळे दहा वर्षांच्या साइटवर ‘ॲप’ तीन प्रकारचं आढळतं.

गूगल यातलं कितपत सांभाळून घेतं ते प्रत्येक शब्द शोधून पाहिल्याखेरीज धरून चालू नये. तुमच्या साइटची स्वतःची शोधपेटी मात्र बहुधा सांभाळत नाही: एक प्रकार टाइप केला की दुसऱ्या प्रकारात लिहिलेले लेख गायब. बॅकअप घ्या, मग डेटाबेसमध्ये शोधा-आणि-बदला चालवून र, हलन्त, जोडचिन्ह या तिकडीच्या जागी ऱ आणि हलन्त करा, आणि अ अधिक अर्धचंद्राच्या जागी ॲ. मधे जोडचिन्ह असलेला अ‍ॅ वेगळा पकडावा लागतो, तो विसरू नका. पानांच्या पत्त्यांचा रकाना या बदलातून वगळा, नाहीतर लिंका तुटतील. ‘दुसर्या’ची दुरुस्ती यंत्रावर सोडू नका, कारण ‘सूर्या’ आणि ‘भार्या’ मधला रफार बरोबर आहे.

लोकांचे शब्द मिळवायचे कुठून? खासगी विंडो उघडा, गूगलमध्ये ‘सातबारा’ टाइप करून थांबा, सुचवण्या उतरवा. मग ‘सातबारा क’, ‘सातबारा न’ असं एकेक अक्षर वाढवत जा. रोमनमध्ये तेच परत करा. गूगल ट्रेंड्समध्ये भारत आणि मग महाराष्ट्र निवडून दोन रूपांची तुलना करा. तिथला ० ते १०० आकडा सापेक्ष असतो, शोधांची संख्या नव्हे, आणि शोध फार कमी असले तर शून्य दिसतं. सगळ्यात चांगला स्रोत मात्र कुठल्याही अवजारात नाही: महा-ई-सेवा केंद्राच्या खिडकीशी माणसं काय म्हणून कागद मागतात ते ऐका.

एक पान दुरुस्त करून पाहू

मूळ शीर्षक: ‘भूमी अभिलेखांच्या संगणकीकरणाबाबत महत्त्वपूर्ण माहिती’. पहिला परिच्छेद: ‘आजच्या धावपळीच्या युगात तंत्रज्ञानाने मानवी जीवनाची सर्व क्षेत्रे व्यापली आहेत. महसूल विभागही त्यास अपवाद नाही…’ चौथ्या परिच्छेदापर्यंत सातबारा हा शब्द येत नाही. फोनवर चौथा परिच्छेद म्हणजे तीन वेळा बोट सरकवल्यावर.

नवं शीर्षक: ‘सातबारा उतारा ऑनलाइन कसा काढायचा: ७/१२ पाहणे आणि डिजिटल सहीची प्रत’. नवी सुरुवात: ‘सातबारा उतारा शासनाच्या महाभूलेख साइटवर विनामूल्य पाहता येतो, पण ती प्रत फक्त माहितीसाठी असते. बँकेत किंवा कार्यालयात द्यायला डिजिटल सही असलेली प्रत शुल्क भरून डाउनलोड करावी लागते. दोन्हींसाठी जिल्हा, तालुका, गाव आणि गट क्रमांक हाताशी ठेवा.’

तीन वाक्यांत उत्तर झालं. मग उपशीर्षकं लोकांच्या प्रश्नांची: गट नंबर माहीत नसेल तर नावावरून कसा शोधायचा, सातबारा आणि आठ-अ यांत फरक काय, फेरफार नोंद अजून दिसत नाही, नावात चूक आहे. सातबारा हे नाव गाव नमुना ७ आणि गाव नमुना १२ यांवरून आलं. पहिला हक्काचा, दुसरा पिकांचा. ही माहिती लेखात असावीच, पण खाली. शोधणाऱ्याला आत्ता उतारा हवा आहे, इतिहास तो नंतर वाचेल किंवा वाचणार नाही.

शासकीय पत्रकात मिळत नाही असं काहीतरी पानावर हवं. शासकीय साइटवर जिथे सहा महसूल विभागांतून आपला विभाग निवडावा लागतो, तिथेच अनेकजण अडतात, कारण आपला जिल्हा कोणत्या विभागात ते ठाऊक नसतं. मग जिल्हा आणि विभाग यांचा तक्ता द्या: सांगली पुणे विभागात, जळगाव नाशिक विभागात, सिंधुदुर्ग कोकणात. हा तक्ता टाइप केलेला हवा, चित्र नको.

पत्ता शेपूट तुटका का होतो

वर्डप्रेसमध्ये मराठी शीर्षक दिलं की पत्त्याचा शेवट बरेचदा अर्धवट शब्दावर होतो. यात प्लगइनचा दोष नाही, साधा हिशोब आहे. देवनागरीचं प्रत्येक चिन्ह (मात्रा आणि हलन्त धरून) यूटीएफ-८ मध्ये ३ बाइट घेतं. पत्त्यात प्रत्येक बाइट टक्क्याचं चिन्ह आणि दोन अक्षरं असा लिहिला जातो, म्हणजे एका चिन्हाला ९ जागा. वर्डप्रेस पत्त्याच्या या भागाला २०० जागा देतं. म्हणून बावीस चिन्हांच्या आसपास कात्री चालते.

‘उकडीचे मोदक कसे करावेत कृती’ घ्या. ‘करावेत’पर्यंत १९ चिन्हं, त्यांच्या १७१ जागा, अधिक मधल्या तीन आडव्या रेघा, झाले १७४. चौथी रेघ धरून १७५. उरल्या २५, त्यात दोनच चिन्हं बसतात. पत्ता संपतो ‘करावेत-कृ’वर. आणि असा पत्ता व्हॉट्सॲपवर कॉपी झाला की टक्क्यांची दोन ओळींची माळ होते, जिला बघून लोक घाबरतात.

नव्या लेखांना तीन-चार शब्दांचा रोमन पत्ता हाताने द्या. जुने पत्ते उगाच बदलू नका. पत्त्यातल्या शब्दांना क्रमवारीत फार वजन नाही, आणि ज्या पानाला क्लिक येताहेत त्याचा पत्ता बदलणं म्हणजे चालत्या गाड्याला खीळ. अर्धवट तुटलेला आणि तरीही शून्य क्लिकांचा असेल तर बदला, ३०१ लावून.

दिसतं, पण कुणी उघडत नाही

फोनवर तोच शोध करून निकालाचं पान डोळ्यांनी पाहा. वर जाहिराती, नकाशा, व्हिडिओ किंवा तयार उत्तर असेल तर तुमचं तिसरं स्थान पडद्याच्या खाली आहे, आणि शीर्षक कितीही बदललं तरी क्लिक फारसे वाढणार नाहीत.

तसं नसेल तर शीर्षकाकडे वळा. गूगल ते अक्षरं मोजून कापत नाही, रुंदी संपली की कापतं. उकार आणि एकार रुंदी खात नाहीत, काना आणि वेलांटी खातात. मुख्य शब्द पहिल्या चाळीसेक अक्षरांत आणा आणि साइटचं नाव शेवटी ठेवा. ‘जाणून घ्या सविस्तर’, ‘मोठी बातमी’, ‘संपूर्ण माहिती मराठीत’ ही शेपटं काढा. सगळ्यांच्याच शीर्षकाला ती असतात, त्यामुळे त्यांनी वेगळं काहीच दिसत नाही. वर्णनाच्या टॅगमध्ये पानावरचं उत्तर दीड वाक्यात लिहा. गूगल तेच दाखवेल अशी हमी नाही, पण कोरं ठेवलं तर मेनूतले शब्दही उचलले जाऊ शकतात.

देवनागरी वेबफाँट जड असतात. चार वजनांचे (अक्षरांच्या जाडीचे) चार फाँट लावलेली साइट गावातल्या नेटवर्कवर उघडेपर्यंत माणूस मागे फिरतो. दोन वजनं पुरेत, तीही वॉफ-२ या आटोपशीर फाइल-प्रकारात, आणि फाँट येईपर्यंत फोनमधला फाँट दिसू द्या. फाँट छाटून लहान करताना ऱ, ॲ आणि ळ छाटले गेले नाहीत ना ते बघा. गूगलचे निकष सांगायचे तर मोठा घटक २.५ सेकंदांत दिसावा, स्पर्शाला प्रतिसाद २०० मिलिसेकंदांत मिळावा आणि पान हलण्याचा गुण ०.१ च्या आत असावा. हे आकडे हिरवे झाले म्हणून चुकीच्या शब्दांचं पान वर येत नाही, हेही तितकंच खरं.

ज्यात वेळ घालवू नये

कीवर्ड्सचा मेटा टॅग: क्रमवारीसाठी तो वापरत नाही असं गूगलने २००९ मध्येच जाहीर केलंय. पानावर प्रश्नोत्तरांचं स्कीमा (गूगलला मजकुराचा प्रकार सांगणारा कोड) लावून निकालात जागा अडवायची युक्ती ऑगस्ट २०२३ मध्येच नामांकित सरकारी आणि आरोग्यविषयक साइटांपुरती आक्रसली. प्रश्नोत्तरं वाचकासाठी ठेवा, पण त्या स्कीमासाठी पैसे मोजू नका. ‘झटपट इंडेक्सिंग’ विकणारी प्लगइनं गूगलची जी एपीआय (प्रोग्रामांसाठीची जोडणी) वापरतात ती नोकरीच्या जाहिराती आणि थेट प्रक्षेपणाच्या पानांसाठी आहे. इंडेक्सनाऊ ही पानातला बदल सर्च इंजिनाला कळवायची सोय बिंगला चालते, गूगलला नाही. साइटमॅपमधले प्राधान्य आणि वारंवारतेचे आकडे गूगल बघत नाही. बदलाची तारीख बघतं, पण ती खरी असली तर. मजकूर न बदलता रोज तारीख पुढे ढकलणाऱ्या साइटच्या तारखेवर विश्वास कोण ठेवणार?

पानाच्या कोडमध्ये लिहायचा मराठी भाषेचा कोड एम-आर असा आहे. काही थीममध्ये तो एम-ए किंवा एम-एच लिहिलेला आढळतो. पानाची भाषा गूगल दिसणाऱ्या मजकुरावरून ओळखतं, म्हणून या चुकीने साइट बुडत नाही. मात्र मराठी आणि इंग्रजी अशा दोन आवृत्त्या एकमेकींना एचआरइएफलँग या टॅगने जोडल्या असतील तर कोड बरोबर हवा आणि दोन्हीकडून जोडणी हवी. बरोबर कोडाचा आणखी एक फायदा म्हणजे काही फाँट ‘ल’ आणि ‘श’ मराठी वळणाचे दाखवतात.

बदलानंतर किती थांबायचं

पाचपैकी दोन पानं बदला, तीन तशीच ठेवा, म्हणजे तुलनेला काहीतरी उरतं. बदलाची तारीख वहीत लिहा, पानाची इंडेक्सिंगची विनंती एकदाच करा (रोज केल्याने रांग पुढे सरकत नाही) आणि चार आठवडे हात लावू नका. मग २८ दिवसांची तुलना आधीच्या २८ दिवसांशी करा. आधी इम्प्रेशन्स, नंतर स्थान, क्लिक सगळ्यात शेवटी. नव्या शब्दांच्या क्वेरी यादीत दिसू लागल्या की दुरुस्ती लागू पडली असं समजा, क्लिक अजून दोनच असले तरी.

हंगामी विषयाला ही तुलना फसवते. हरभऱ्याच्या घाटेअळीचे शोध रब्बीत वाढतात आणि पीक निघालं की बसतात. उकडीच्या मोदकांचे शोध गणेश चतुर्थीच्या आधीच्या दिवसांत. अशा पानांची तुलना मागच्या महिन्याशी न करता मागच्या वर्षीच्या त्याच दिवसांशी करा. गणेश चतुर्थी दरवर्षी तारीख बदलते, तेव्हा मोदकांच्या पानासाठी तारखा सणाप्रमाणे सरकवून घ्या. आणि दुरुस्ती हंगामाच्या दीड-दोन महिने आधी उरका. चतुर्थीच्या आदल्या दिवशी बदललेलं शीर्षक गूगलने वाचेपर्यंत विसर्जन झालेलं असतं.